वर राहिलेला हात

चोफु,
२१ जुलै १९९८

प्रिय चिझुरु,

तू आणि घरातली सगळी खुशाल असाल, असं धरून चालते. साकाताला निदान समुद्रावरचा वारा तरी येत असेल. इथे खिडकी उघडली की वारा नाहीच, नुसती झाडांवरच्या किड्यांची किरकिर आत येते.

तू पाठवलेले सुके मासे पोचले. काल दोन भाजले आणि भातावर घेऊन एकटीच खाल्ले. शेजारच्या बाईंनी भिंतीपलीकडून विचारलं, “आज कोण पाहुणं आलंय?” म्हटलं, “मासेच आलेत.”

पाकिटावरचं तुझं अक्षर ओळखायला मला क्षणभर वेळ लागला, त्याची लाज वाटली. एकोणीस वर्षं आपण फक्त नववर्षाची कार्डं पाठवतोय. एखादं कार्ड सोडलं तर “प्रकृतीला जपा” याच्यापुढे दोघींपैकी एकीनंही कधी काही लिहिलं नाही. आणि आता एकदम चार पानं! तुझा मुलगा आठवीत गेला हे वाचून बोटांवर वर्षं मोजली.

उराबेसरांच्या सत्काराचं आमंत्रण तुला गेलंय हे मला माहीत होतं. आयोजकांनी माझ्याकडूनच पत्ता घेतला. आठ ऑगस्टला, शनिवारी, इथल्या नगर सभागृहात आहे. तीस वर्षांत दोनशे बारा भाग, अकरा मालिका. लहान मुलांच्या मालिका करणाऱ्या माणसाचा सत्कार होईल, असं आमच्या वेळी कोणी म्हटलं असतं तर सरांनीच त्याला जोडा फेकून मारला असता. ते आले होते तलवारबाजीच्या मोठ्या चित्रपटांतून. ते चित्रपट बंद पडले आणि पोटासाठी रबरी राक्षस आणि मुखवटेवाले वीर हाताळावे लागले. गावाकडच्या आईला त्यांनी तीन वर्षं सांगितलं होतं, की मी माहितीपट काढतो. शेवटी शेजारच्या पोरांनी मालिकेच्या शेवटी नाव वाचलं आणि म्हातारीच्या अंगणात जाऊन उड्या मारल्या. “माहितीपटात शिंगं असतात का रे?” असं तिने फोनवर विचारलं म्हणे. हे सर स्वतःच सांगायचे आणि स्वतःच सगळ्यांत मोठ्याने हसायचे.

तू दोन गोष्टी विचारल्या आहेस.

पहिली, यावं का? ये. तुझा दादा ‘चंदेरी वीर’च्या पोशाखात होता, त्या मालिकेचा शेवटचा भाग मोठ्या पडद्यावर दाखवणार आहेत. घरच्या माणसाच्या हातून सरांना फुलं द्यावीत, अशी आयोजकांची इच्छा आहे. गाडीभाडं तेच देणार आहेत.

दुसरी, तो प्रसिद्ध पवित्रा. सूर्य पाठीशी, डावा हात तलवारीच्या मुठीवर, उजवा हात उघड्या पंज्यासकट वर. ते दृश्य आलं की सभागृहातले सगळे हात वर करणार, तुम्हीही करावा, असं आमंत्रणात लिहिलंय. तू विचारतेस, “तो दादाला स्वतःला सुचला होता का? हात वर करण्याआधी मला कळायला हवं.”

हो. आदल्या दिवशी सर त्याला सगळ्यांदेखत म्हणाले होते, नवा पवित्रा काढ, आधी दाखवू नकोस, थेट कॅमेऱ्यासमोर कर. त्यामुळे तो त्याचाच. चौदा सेकंदांचं दृश्य आहे. त्या दिवशी फार ऊन होतं.

पाऊस येईलसं दिसतंय, गच्चीवरचे कपडे काढते. लवकर उत्तर दे.

तुझी,
इत्सुए ताई

•

चोफु,
३१ जुलै

चिझुरु,

तुझं उत्तर आलं. “ताई, तुझ्या पत्राने जिवाला बरं वाटलं, मी येते” असं लिहिलंस. ते वाचल्यापासून तीन दिवस मला जेवण गेलं नाही.

मागच्या पत्रात मी एकही खोटी ओळ लिहिली नाही. पुन्हा पुन्हा वाचून पाहिलं, पत्राची प्रत मी ठेवते, धंद्याची सवय. सगळं खरं आहे, आणि सगळं मिळून खोटं आहे.

आधी माझं काम काय होतं ते सांगते, म्हणजे पुढचं तुला नीट समजेल. मी नोंदी ठेवायची. दृश्य किती सेकंदांचं, कितव्या खेपेला जमलं, कोणाचा हात कुठे होता, तलवार डावीकडे की उजवीकडे. एकाच दगडखाणीत दोन भाग एकदम उरकायचो. सकाळी या भागाची मारामारी, दुपारी त्या भागाची, त्यामुळे वही नसेल तर गोंधळ. आवाज तेव्हा घेतच नसत, तो नंतर स्टुडिओत भरायचे. म्हणून पोशाखातला माणूस आत ओरडला तरी कोणाला ऐकू जात नसे. त्यालाही बाहेरचं फारसं ऐकू येत नसे. आमचं ठरलेलं होतं, की आत सहन होईना झालं तर दोन्ही हात डोक्यावर नेऊन फुली करायची. फुली दिसली की सगळं थांबायचं.

तुला तेव्हा सांगितलं गेलं, की तुझा दादा, मुकाई, अचानक कोसळला, कोणाला काही कल्पना नव्हती, शेवटचं दृश्य पूर्ण करून मगच तो पडला. तुझ्या आईने सरांचे हात हातात घेऊन म्हटलं होतं, “त्याचं काम वाया घालवू नका.” ते दृश्य मालिकेत राहिलं. महिन्याभरात देशभरातली पोरं शाळेच्या मैदानात तसा हात वर करून उभी राहायला लागली.

त्या दिवशी सकाळी डबा खाताना तुझा दादा माझ्याजवळ येऊन बसला. आमच्यात काय होतं हे तू कधी विचारलं नाहीस, मीही आज सांगत नाही. तो म्हणाला, “रात्रभर डोकं खाजवलं, काही सुचलं नाही बघ. जुनाच पवित्रा करतो.”

“सर चिडतील.”

“चिडू दे. आत कोण आहे हे पोरांना दिसतंय थोडंच? तू मात्र आधी सांगू नकोस हं, उगाच जेवताना शिव्या खायला लागतील.”

मी हसले. सांगितलं नाही.

दुपारी दोन खेपा पवित्र्याच्या आधीच वाया गेल्या. त्याच्या दोन्ही बाजूंना तेलाच्या पिंपांत जाळ पेटवला होता. दोन डोंगरांच्या फटीतून सूर्य खाली येत होता, आणि सरांना सूर्य बरोबर त्या फटीत हवा होता. फार तर चार मिनिटं. ते कर्ण्यातून ओरडत होते, “माकडांनो, बाजूला व्हा! सावली पडतेय! मुकाई, दाखव आता काय आणलंयस ते!” सगळ्यांच्या नजरा त्याच्यावर, सगळे नव्या पवित्र्याची वाट बघत होते.

कॅमेरा सुरू झाला. तो तलवार टेकून उभा होता. मग त्याचा उजवा हात वर गेला.

एकच हात, चिझुरु. दुसरा तलवारीवरून उचलला असता तर तो तिथेच पडला असता. ती फुली होती, अर्धी. पण बाकी सगळ्यांना वाटलं, हाच तो. कोणीतरी मागे हळूच “वा!” म्हणालं.

मला माहीत होतं, की त्याला काही सुचलेलं नाही. त्या संपूर्ण खाणीत हे फक्त मला माहीत होतं.

मी का बोलले नाही? एकोणीस वर्षं मी याची उत्तरं गोळा केली आहेत. कॅमेरा चालू असताना नोंदवाली बोलत नाही. सूर्य निघून जाईल. कदाचित ऐन वेळी सुचलं असेल. ही सगळी उत्तरं चांगली आहेत. पण खरं असं आहे, की मी बघत होते आणि ते मला फार सुंदर दिसलं. मला ते संपायला नको होतं. मी नजर खाली घड्याळाकडे वळवली आणि सेकंद मोजले. चौदा झाले तेव्हा सर ओरडले, “कट! झकास!” आणि मी वहीत लिहिलं, “उत्तम.”

मग टाळ्या झाल्या. तो हात वर करून तसाच उभा होता आणि आम्ही टाळ्या वाजवत होतो. मीही. किती वेळ, ते मोजलेलं नाही.

मुखवट्याचे दोन स्क्रू मागच्या बाजूला असायचे. ते काढणारा माणूस गाडीपाशी चहा पीत होता.

आता जे लिहिते ते आजवर कोणाला सांगितलेलं नाही. तुला खुळेपणा वाटला तरी वाच.

पुढच्या वर्षीच्या मालिकेत ओगिता नावाचा नवा माणूस घेतला. पोशाख नवा, रंग तांबडा. चौथ्या भागाची फिल्म धुऊन आली, आम्ही पडद्यावर बघत होतो. एका दृश्यात सूर्य मागे होता आणि ओगिताने उजवा हात वर केला. माझ्या वहीत लिहिलं होतं, “दोन्ही हात कमरेवर.” मी त्याला बाजूला घेऊन विचारलं.

“ताई, आईची शपथ, मी हात उचललाच नाही,” तो म्हणाला. “तूच तर समोर बसली होतीस!”

मी समोरच बसले होते. हात कमरेवरच होते.

मी पुन्हा पडद्याजवळ जाऊन बघितलं. हातमोज्यातली अनामिका अर्धवट वाकलेली होती. तुझ्या दादाची ती कशी होती हे तुला माहीत आहे, लहानपणी तूच दारात चिमटवली होतीस. ओगिताची सगळी बोटं सरळ.

सर मागच्या रांगेत होते. तिथूनच म्हणाले, “ठेवा ते.”

त्यानंतर प्रत्येक मालिकेत एकदा. माणूस वेगळा, पोशाख वेगळा, कधी खाण, कधी समुद्रकिनारा. आठ मालिका, आठ वेळा. एकदा तर गोदामातल्या दृश्यात पोशाख नुसता लाकडी सांगाड्यावर टांगलेला होता, आत कोणीच नव्हतं. ओगिता माझ्या शेजारी उभा राहून बर्फाचा गोळा खात होता. फिल्म आली तेव्हा त्या रिकाम्या पोशाखाचा हात वर होता. ओगिताने त्या आठवड्यात नोकरी सोडली, आता तो मामाच्या दुकानात चटया विणतो. रसिकमंडळी त्या हाताला “उराबेंची सही” म्हणतात. मासिकांत त्यावर लेख आलेत.

मी का नाही सोडलं, असं तू विचारशील. प्रत्येक वेळी वाटायचं, या खेपेला कोणीतरी समोर बसलेलं असायला हवं, जे थांबवा म्हणेल. पण खाणीत तो हात कधीच दिसायचा नाही. तो फक्त फिल्मवर यायचा, थांबवण्यासारखं काही उरलेलं नसताना.

तुझं “मी येते” हे पत्र घेऊन मी परवा सरांकडे गेले. आता एकसष्टचे आहेत. बायको गेल्यापासून घरभर जुन्या फिल्मचे डबे. गार गव्हाचा चहा त्यांनी स्वतः ओतला.

मी विचारलं, “सर, तो पवित्रा नव्हता, हे तुम्हाला माहीत आहे ना?”

“माहीत आहे.”

“कधीपासून?”

“तिसऱ्या दिवशी. फिल्म धुऊन आली तेव्हा. कॅमेऱ्यातून सूर्य दिसत होता, पडद्यावर माणूस दिसला.”

“मग ठेवलंत का?”

“फेकून दिलं असतं तर मग तो कशासाठी मेला?” ते म्हणाले. “आणि नंतर तो येत राहिला. मी त्याला एकदाही कापला नाही, इत्सुए. दुसरी माफी मला येत नाही.” मग थोड्या वेळाने, सहज विचारल्यासारखं, “तुला कधी कळलं?”

“तेव्हाच.”

“तेव्हाच म्हणजे?”

“तो उभा होता तेव्हा.”

त्यांनी पेला खाली ठेवला. माझ्याकडे असं बघितलं, की जणू इतकी वर्षं शेजारी बसलेली बाई त्यांना पहिल्यांदाच दिसतेय. “मग तू तर माझ्यापेक्षा...” एवढंच म्हणाले. दारापर्यंत सोडायला आले तेव्हा म्हणाले, “तिला लिही. फुलं देण्याआधी तिला कळायला हवं. मला धीर होत नाही, तू लिही.”

म्हणून लिहिलं. त्या दिवसाचं नोंदीचं पान सोबत जोडते आहे. अक्षर माझं आहे. ते जाळ, पोलिसांत दे, आयोजकांना दाखव, मी अडवणार नाही. फक्त आठ तारखेला काही न कळता हात वर करू नकोस.

इत्सुए

•

चोफु,
१० ऑगस्ट

चिझुरु,

तुझं उत्तराचं कार्ड आयोजकांकडे आलं होतं. “अनुपस्थित” या शब्दाभोवती पेनाने गोल, बाकी कोरं. त्यांनी ते मला दाखवलं. गोल इतका दाबून काढला होतास, की मागच्या बाजूला बोटाला लागत होता. मला पत्र आलं नाही. यावं अशी अपेक्षाही नव्हती. हे पत्र उघडलंस तर उपकार समजेन, कारण परवा जे घडलं ते तुझ्याच घरचं आहे.

सभागृह भरलं होतं. चाळिशीचे बाप खांद्यावर पोरं घेऊन आलेले. फुलं आयोजकांपैकीच एका मुलीने दिली. सरांनी ती टेबलावर ठेवली आणि ध्वनिक्षेपकाशी आले. मला वाटलं, आता सांगतील. त्यांनी दोनदा घसा खाकरला. “तो पवित्रा माझा नाही,” म्हणाले. “मुकाईचाही नाही. तो थांबवा म्हणत होता. मला कळलं नाही.”

एवढंच. कोणाला नीट समजलं नाही. कोणीतरी “सर, आम्ही तुमच्यावरच वाढलो!” असं ओरडलं आणि टाळ्या झाल्या. या वेळी मी वाजवल्या नाहीत.

दिवे गेले. भाग सुरू झाला. मी सवयीने घड्याळ काढलं होतं.

खाण आली. सूर्य फटीत उतरला. तीनशे हात एकदम वर गेले, पडद्याच्या उजेडात नुसते पंजे पंजे. मी माझे हात मांडीखाली दाबून ठेवले होते.

पडद्यावर तो तलवार टेकून उभा होता. हात वर गेला नाही.

तीन सेकंद. चार. मुखवटा सावकाश डावीकडे वळला. कॅमेऱ्याच्या डाव्या बाजूला तेव्हा माझी खुर्ची होती. त्या दोन काळ्या काचांमधून त्याने माझ्याकडे किती वेळ बघितलं असेल? घड्याळ हातात असूनही मला सांगता येत नाही. मग तो वळला, तलवार तिथेच खडीत रोवलेली ठेवून चालत निघाला, आणि नवव्या सेकंदाला चौकटीबाहेर गेला.

उरलेले पाच सेकंद पडद्यावर फक्त रिकामी खाण होती. जाळ, धूर, सूर्य.

हात तसेच वर राहिले. मग एकेक खाली आले. माझ्या मागचं एक पोर म्हणालं, “बाबा, तो कुठे गेला?” बाप म्हणाला, “गप रे, ही वेगळी प्रत असेल.” बाकीचेही तेच पुटपुटत होते. मी वर जाऊन फिल्म दाखवणाऱ्या म्हाताऱ्याला विचारलं. “कसली वेगळी प्रत?” तो म्हणाला. “सरांच्या घरून आलेला डबा. गेल्या वर्षी मीच लावला होता. तेव्हा हात होता.”

सगळे गेल्यावर सर पहिल्या रांगेत एकटेच बसले होते. म्हणाले, “पुन्हा लाव म्हणावं.”

“नको, सर.”

“परत यायचा नाही का तो?”

त्यांचा सदरा पाठीवर घामाने चिकटला होता. मी रुमालाने पंख्यासारखा वारा घातला, आणि आम्ही दोघं, दोन म्हातारी माणसं असावीत तसे, शिपाई दिवे घालवीपर्यंत बसून राहिलो.

चिझुरु, एकोणीस वर्षं मला तो हात दिसायची भीती वाटत होती. आता तो कधीच दिसणार नाही याची वाटते आहे. हे माझं दुखणं आहे, तुझं नाही. मला क्षमा कर असं मी लिहिणार नाही.

तीन दिवसांनी तेरा तारीख. गेलेल्यांना वाट दिसावी म्हणून तुम्ही दारात जाळ कराल. तुझी आई नेहमी म्हणायची, बाकी सगळे येतात, हा एकटाच येत नाही, जाळ नुसता जळून विझतो. ती गेली तेव्हाही हेच म्हणत होती, असं तू एका कार्डावर लिहिलं होतंस, आणि मी त्यावर “प्रकृतीला जप” एवढंच उत्तर दिलं होतं. तो कुठे अडकला होता ते मला ठाऊक होतं.

तो निघाला आहे. चालत गेलेला मी पाहिला.

या वर्षी दारात जाळ करू नकोस. आगीच्या जवळ तो फार वेळ उभा होता. नुसता दिवा लाव, दार सताड उघडं ठेव, आणि मी लिहिलंय म्हणून नको, तो तुझा भाऊ आहे म्हणून, काही विचारायच्या आधी त्याला पाणी दे.

जी तेव्हा बोलली नाही, ती
इत्सुए